शो कॉज आली, निलंबन झालं, डीई लागली, तर पुढं काय करायचं

ऑफिस सुटल्यावर चहाच्या गाड्यावर एखादा माणूस गप्प बसलाय, खिशातनं घडी घातलेला कागद काढतोय, वाचतोय आणि परत ठेवतोय असं दिसलं की मला लगेच कळतं, याला शो कॉज म्हणजे कारणे दाखवा नोटीस आलीय. आस्थापना शाखेत माझी बरीच वर्षं गेली, असल्या नोटिसा टाइप करून साहेबांच्या सहीला ठेवायचं काम माझ्याकडंच असायचं, आणि पुढं काही जणांचा बचाव सहायक म्हणून मी स्वतः विभागीय चौकशीत, म्हणजे डीईत, बसलो, त्यामुळं टेबलाच्या दोन्ही बाजू बघून झाल्यात. कोल्हापुरात रोज कुणीतरी विचारतं म्हणून एकदा सगळं लिहून ठेवतोय. ही कारवाई कागदावर आणि तारखांवर चालते. ज्याच्याकडं कागद आहे आणि ज्यानं तारीख पाळलीय त्याचं म्हणणं ऐकलं जातं. चांगली निर्दोष माणसं नुसती गप्प बसली म्हणून अडकलेली मी बघितलीत, आणि खरोखर पैसे खाल्लेला माणूस ऑफिसनं प्रक्रिया चुकवली म्हणून सुटलेला पण बघितलाय, आणि मला दोन्हीचा सारखाच त्रास होतो.

सगळ्यात आधी तुम्हाला नियम कुठले लागतात ते बघा, कारण इथंच निम्मे लोक चुकतात. कलेक्टर ऑफिस, तहसील, आरोग्य, पाटबंधारे असल्या राज्य सरकारच्या खात्यात असाल तर महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम १९७९, आणि वागणुकीचे नियम म्हणजे महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम १९७९. झेडपीत असाल, म्हणजे प्राथमिक शिक्षक, ग्रामसेवक, झेडपीचा क्लार्क, तर जिल्हा परिषद जिल्हा सेवा (शिस्त व अपील) नियम १९६४. महापालिकेला महापालिका अधिनियमातलं कलम ५६. पोलिसांचं वेगळं, १९५६ चे शिक्षा आणि अपिलाचे नियम. एसटीवाल्यांची स्वतःची शिस्त व आवेदन कार्यपद्धती आहे. अनुदानित खाजगी शाळेतल्या शिक्षकांना १९७७ चा अधिनियम आणि १९८१ ची नियमावली, ज्याला सगळे एमईपीएस म्हणतात. मित्राच्या केसमधला जबाब उचलून नाव बदलून देणारे लई आहेत, मग झेडपीचा माणूस १९७९ च्या नियमाचा हवाला देतो आणि वाचणाऱ्याला पहिल्याच ओळीत कळतं की यानं काही वाचलेलं नाही. मी खाली मुख्यतः १९७९ च्या नियमाप्रमाणं सांगतोय, बाकीच्यांचा सांगाडा बराचसा तसाच आहे पण मुदती आणि अपिलाचं ठिकाण वेगळं, ते तुमच्या नियमात बघून घ्या.

आता नोटीस. शिपाई कागद घेऊन आला की घ्यायचा, पोच द्यायची, सहीखाली तारीख आणि वेळ स्वतःच्या अक्षरात टाकायची. घेतलीच नाही म्हणजे कारवाई थांबेल हा गैरसमज डोक्यातनं काढून टाका. ते पंचनामा करतील, घराच्या दारावर चिकटवतील, आणि पुढं फाईलवर "नोटीस स्वीकारण्यास नकार दिला" असं एक वाक्य येईल जे तुमच्या मूळ चुकीपेक्षा जड पडेल. सही म्हणजे कबुली नव्हे, फक्त कागद मिळाला एवढंच.

मग घरी जाऊन तो कागद चार वेळा वाचायचा आणि पेन्सिलनं खुणा करायच्या. नेमका आरोप काय, तारीख कुठली, कुठल्या नियमाचा भंग म्हणतायत, खुलासा किती दिवसात मागितलाय, आणि सही कुणाची आहे. "कामात कुचराई, वरिष्ठांशी उद्धट वर्तन, कर्तव्यात कसूर" एवढंच मोघम लिहिलं असेल, तारीख नाही, प्रसंग नाही, तर खुलाशात पहिलं वाक्य तेच लिहायचं की कुठल्या दिवशीच्या कुठल्या घटनेबद्दल विचारणा आहे हे नोटिशीत नमूद नाही, ते कळवावं म्हणजे मला नेमका खुलासा करता येईल. हे नम्रपणे लिहायचं, भांडायचं नाही. आणि मुदत कमी पडत असेल तर मुदत संपायच्या आधी लेखी मुदतवाढ मागायची, संपल्यावर नव्हे.

इथं एक गोष्ट सांगतो. २०१९ च्या ऑगस्टमधला महापूर आठवत असेलच सगळ्यांना. शिरोळ तालुक्यातल्या एका गावात राहणारी आणि कोल्हापुरात एका ऑफिसात क्लार्क असलेली एक मुलगी नऊ दिवस कामावर येऊ शकली नाही. हायवे बंद, गाव पाण्यात, घरात म्हातारे सासू-सासरे, फोन बंद. पूर ओसरला, ती चिखल काढून कामावर आली आणि टेबलावर शो कॉज, की आपत्तीच्या काळात विनापरवानगी गैरहजर राहिलात, आपल्याविरुद्ध शिस्तभंगाची कारवाई का करू नये. बिचारी एवढी घाबरली की तिनं कुणाचंतरी ऐकून अर्ज लिहिला, "माझ्याकडून चूक झाली, माफी असावी, पुन्हा असे होणार नाही." द्यायच्या आधी दाखवायला आणली हे नशीब. मी तिला म्हटलं, ताई, चूक काय झाली तुमची? पाणी आलं ही? हा कागद आत गेला की तो कबुलीजबाब होतो, कबुलीवर शिक्षा द्यायला कुणालाच फार कष्ट पडत नाहीत, आणि मग सर्व्हिस बुकात लाल शाईची नोंद जन्मभर.

मग आम्ही बसून नीट खुलासा लिहिला. कुठल्या तारखेला पाणी कुठवर आलं, कुठल्या दिवशी कुटुंबाला कुठल्या छावणीत हलवलं, छावणीच्या रजिस्टरमधली नोंद, घराच्या पडझडीचा तलाठ्यानं केलेला पंचनामा, रस्ता बंद असल्याची पेपरातली कात्रणं, आणि एक मेसेज, जो तिनं फोन बंद पडायच्या आधी ऑफिसच्या ग्रुपवर टाकला होता, त्याचा स्क्रीनशॉट प्रिंट काढून. सोबत त्या नऊ दिवसांचा रजेचा अर्ज. भाषा साधी, दीड पान. प्रकरण नस्तीबद्ध झालं, म्हणजे फाईल तिथंच बंद. नस्तीबद्ध झाल्याचं पत्र पण तिनं मागून घेतलं, हे महत्त्वाचं, कारण साहेब बदलले की जुनी फाईल परत उघडते आणि तेव्हा तुमच्याकडं दाखवायला काही नसतं.

खुलासा लिहिताना जे खरं घडलं तेच लिहा. खरोखर चूक झाली असेल तर ती कोणत्या परिस्थितीत झाली, नुकसान झालं का, तुम्ही ते दुरुस्त केलं का, आजवरची सेवा कशी, हे लिहा. चूक मान्य करायला काही हरकत नाही पण जेवढी झालीय तेवढीच मान्य करा. आरोपात "हेतुपुरस्सर" असेल आणि तुमच्याकडनं नजरचुकीनं झालं असेल तर तो एक शब्द नाकारायचाच. खोटं मेडिकल सर्टिफिकेट जोडू नका, हे मी हात जोडून सांगतो. दोन दिवसाच्या गैरहजेरीला ठपका बसला असता तिथं खोट्या सर्टिफिकेटनं माणसाची नोकरी जाते. आणि जे जे द्याल ते आवक शाखेत देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का घ्या. साहेबांच्या हातात दिलं, ते "ठेवा" म्हटले, असलं काही नंतर सिद्ध होत नाही.

निलंबनाचं आता. निलंबन ही शिक्षा नाही, पण घरात, भावकीत, गल्लीत ते कुणाला पटत नाही आणि त्या माणसाच्या बायकामुलांवर काय येतं ते मी जवळनं बघितलंय. नियम ४ प्रमाणं चौकशी सुरू असेल किंवा करायचं ठरत असेल, किंवा फौजदारी गुन्ह्याचा तपास वा खटला सुरू असेल तर निलंबित करता येतं. अटक होऊन ४८ तासांपेक्षा जास्त वेळ कोठडीत राहिलात तर वेगळ्या विचाराची गरजच नसते, निलंबित झाल्याचं मानलंच जातं. लाचलुचपतच्या ट्रॅपमधी बहुतेक असंच होतं.

निलंबन आदेशात मुख्यालय दिलेलं असतं. करवीरच्या माणसाला चंदगड किंवा गगनबावडा मुख्यालय दिलेलं बघितलंय. तिथं राहायचं, परवानगीशिवाय सोडायचं नाही, आणि सोडायचं झालं तर लेखी अर्ज करायचा. दुसरा कुठलाही धंदा-नोकरी करायची नाही. निर्वाह भत्ता मिळण्यासाठी "मी दुसरी नोकरी वा व्यवसाय करत नाही" असं प्रमाणपत्र दर महिन्याला द्यावं लागतं आणि लोक हेच विसरतात, मग भत्ता अडकतो आणि दोष ऑफिसला देतात. भत्त्याचा हिशोब असा: पहिले तीन महिने अर्धपगारी रजेवर जेवढा पगार निघाला असता तेवढा, अधिक त्यावरचा महागाई भत्ता. म्हणजे मूळ पगार ४०,००० असेल तर २०,००० आणि त्यावर महागाई. तीन महिन्यांनंतर निलंबन लांबलं आणि लांबण्याला तुम्ही कारण नसाल तर त्या २०,००० मध्ये ५० टक्क्यांपर्यंत वाढ करता येते, म्हणजे ३०,००० पर्यंत. उलट तुमच्यामुळं चौकशी रखडली असेल तर ५० टक्क्यांपर्यंत कमी पण करता येतो, म्हणजे १०,००० वर येऊ शकतो. वाढ आपोआप होत नाही बहुतेक ठिकाणी, तीन महिने झाले की दुसऱ्याच दिवशी अर्ज टाका.

आणि तारीख मोजा. सुप्रीम कोर्टानं २०१५ साली अजय कुमार चौधरी प्रकरणात सांगितलं की तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नाही तर निलंबन पुढं चालू ठेवता येणार नाही. त्याला धरून राज्याच्या सामान्य प्रशासन विभागानं ९ जुलै २०१९ चा जीआर काढला, त्यात ९० दिवस आहेत. एक्क्याण्णवाव्या दिवशी या जीआरचा उल्लेख करून पुनर्स्थापनेचा अर्ज द्यायचा. भत्ताच दिला नाही आणि पैसे नाहीत म्हणून माणूस चौकशीला येऊ शकला नाही, अशा प्रकरणात एकतर्फी चौकशी सुप्रीम कोर्टानं मानली नव्हती, कोलारच्या भारत गोल्ड माइन्समधल्या पॉल अँथनी यांची ती १९९९ ची केस आहे, वकील लोक अजून तीच दाखवतात.

आता खरी डीई. शिक्षा किरकोळ द्यायची असेल तर नियम १० ची छोटी वाट आहे, आरोप कळवायचा, उत्तर घ्यायचं, निर्णय द्यायचा. जबर शिक्षा द्यायची असेल तर नियम ८ ची पूर्ण चौकशी लागतेच. किरकोळ म्हणजे ठपका, बढती रोखणं, झालेलं नुकसान पगारातनं वसूल करणं, वेतनवाढ रोखणं. जबर म्हणजे खालच्या पगारावर किंवा खालच्या पदावर आणणं, सक्तीची सेवानिवृत्ती, सेवेतून काढून टाकणं, आणि बडतर्फी. काढून टाकणं आणि बडतर्फी यात फरक असा की काढून टाकलेला माणूस पुढं सरकारी नोकरीला अपात्र ठरत नाही, बडतर्फ झालेला सर्वसाधारणपणे ठरतो. वेतनवाढ रोखण्याच्या आदेशात एक ओळ बघायची, "भावी वेतनवाढींवर परिणाम होऊन" आहे की "परिणाम न होता". परिणाम होऊन असेल तर ते नुसतं किरकोळ राहत नाही, नीट चौकशी केल्याशिवाय अशी शिक्षा देता येत नाही, कुलवंत सिंग गिल प्रकरणात सुप्रीम कोर्टानं १९९० लाच ते स्पष्ट केलंय. माझ्या डोळ्यासमोरनं असे किती आदेश गेले ज्यात नियम १० चं नाव घेऊन ही शिक्षा दिलेली, आणि माणसं "एकच तर इन्क्रिमेंट गेलं" म्हणून सोडून देतात, पेन्शनला कळतं काय गेलं ते.

दोषारोपपत्राबरोबर चार जोडपत्रं येतात. जोडपत्र एक मधी दोषारोप, दोन मधी त्याचा तपशील, तीन मधी कागदपत्रांची यादी, चार मधी साक्षीदारांची यादी. पाकीट उघडलं की आधी चारी आहेत का मोजा. एखादं नसेल तर त्याच दिवशी पत्र. मग जोडपत्र एक आणि दोन शेजारी ठेवून वाचा, बरेचदा एकात आरोप एक असतो आणि तपशील दुसऱ्याच गोष्टीचा. मग तीन घ्या आणि स्वतःला विचारा की प्रत्येक आरोपाला यातला कुठला कागद लागतो, आणि चार मधला कोण माणूस तो कागद सिद्ध करणार आहे. जिथं कागद आहे पण साक्षीदार नाही तिथं त्यांची बाजू लंगडी. नुसता कागद फाईलला लावला म्हणजे पुरावा झाला असं नाही, कुणीतरी येऊन तो शाबीत करावा लागतो, रूप सिंग नेगी प्रकरणात २००८ ला सुप्रीम कोर्टानं तेच सांगितलं.

उत्तर द्यायच्या आधी कागद मागा. कसा अर्ज लिहायचा विचारतात म्हणून साधा नमुनाच देतो: "संदर्भीय दोषारोपपत्र मला अमुक तारखेस प्राप्त झाले. जोडपत्र ३ मधील अनुक्रमांक अमुक येथील कागदपत्रांच्या प्रती मला मिळालेल्या नाहीत. तसेच माझ्या बचावासाठी खालील कागदपत्रे आवश्यक आहेत, ती कोणत्या आरोपासाठी आवश्यक आहेत हे समोर नमूद केले आहे. सदर प्रती मिळाव्यात अथवा मूळ कागदपत्रे पाहण्याची संधी मिळावी, त्यानंतर मी माझे बचावाचे निवेदन सादर करेन. तूर्त सर्व दोषारोप मला अमान्य आहेत." शेवटची ओळ विसरू नका, नाहीतर मुदत गेली आणि उत्तर नाही असं लिहून ते पुढं जातात. मागितलेला कागद "पुरात भिजला" किंवा "शोध सुरू आहे" असं उत्तर आलं तर ते लेखी घ्या, जो कागद ऑफिसकडंच नाही त्यावर तुम्हाला दोषी कसं धरणार हा प्रश्न पुढं तुमच्या कामाला येतो.

चौकशी अधिकारी कोण नेमलाय बघा. तोच माणूस साक्षीदार असेल, त्यानंच प्राथमिक चौकशी केली असेल, किंवा त्याचं तुमच्याशी आधीचं वैर कागदावर दिसत असेल तर पहिल्याच तारखेच्या आत बदलून मागा. चौकशी अधिकारी हा ऑफिसचा वकील नसतो, ऑफिसची बाजू मांडायला सादरकर्ता अधिकारी असतो. तुम्हाला मदतीला बचाव सहायक घेता येतो, म्हणजे दुसरा एखादा सरकारी कर्मचारी. वकील सहसा मिळत नाही, पण सादरकर्ता अधिकारी स्वतः कायद्याचा माणूस असेल तर तुम्ही पण वकील मागू शकता. बचाव सहायक निवडताना मोठ्या आवाजाचा युनियनवाला नको, फाईल वाचणारा माणूस बघा. मी तरी असंच सांगेन, राग आला तर येऊ दे.

तारखेला जायचंच. आजारी असाल तर आधी कळवून सर्टिफिकेट पाठवायचं, पण दोन-तीनदा गैरहजर राहिलात की चौकशी एकतर्फी होते आणि मग सगळ्या साक्षीदारांचं म्हणणं विनाप्रश्न तसंच राहतं. प्रत्येक तारखेचा रोजनामा लिहिला जातो, तो वाचल्याशिवाय सही नाही, काही चुकीचं लिहिलं असेल तर सहीच्या वर एका ओळीत तुमची हरकत लिहा, आणि प्रत मागा. उलटतपासणीत साक्षीदाराशी भांडण करू नका. तो तुमचाच सहकारी आहे, त्याला पण बोलावलंय म्हणून तो आलाय. छोटे प्रश्न विचारा: तुम्ही स्वतः बघितलं का, किती वाजता, त्या दिवशी तुमची हजेरी कुठं होती, हा जबाब तुमच्या अक्षरातला आहे का. उत्तर आलं की थांबा. एका केसमधी माणसानं चांगलं उत्तर मिळाल्यावर अजून एक "का?" विचारला आणि साक्षीदारानं त्या "का" मधी सगळं उलटं सांगून टाकलं.

इथं कोर्टातला पुराव्याचा कायदा काटेकोर लागत नाही. फौजदारी कोर्टात शंकेचा फायदा मिळतो, डीईमधी घडलं असण्याची शक्यता जास्त वाटली तरी पुरतं. म्हणून कसबा बावड्याच्या कोर्टातनं निर्दोष सुटलो म्हणजे डीई संपली असं धरून चालू नका. पॉल अँथनीच्या केसमधी दोन्हीकडं तेच साक्षीदार आणि तोच पुरावा होता म्हणून त्याला फायदा झाला, प्रत्येकाला होईलच असं नाही.

साक्षी झाल्या की लेखी युक्तिवाद द्या. एकेक आरोप घ्यायचा, त्याखाली कागद कुठला, साक्षीदार काय म्हणाला, पान नंबर, आणि तुमचं म्हणणं. मग अहवाल येतो. अहवालाची प्रत तुम्हाला मिळालीच पाहिजे आणि त्यावर बोलायची संधी पण, हे करुणाकर प्रकरणात १९९३ ला घटनापीठानं ठरवलंय. आणि एक फसवी गोष्ट, चौकशी अधिकाऱ्यानं "आरोप सिद्ध होत नाही" लिहिलं तरी साहेब असहमत होऊ शकतात, पण मग त्यांनी असहमतीची कारणं आधी तुम्हाला कळवायला पाहिजेत आणि तुमचं ऐकायला पाहिजे, कुंज बिहारी मिश्रा, १९९८. थेट शिक्षेचा आदेश हातात आला तर अपिलात हा मुद्दा पहिला ठेवा. चौकशी किती दिवस चालावी यावर पण सुप्रीम कोर्टानं प्रेम नाथ बाली प्रकरणात २०१५ ला सांगितलंय की शक्यतो सहा महिन्यांत आणि फार तर एका वर्षात संपवावी. आपल्याकडं पाच-पाच वर्षं चालतात, पोरीचं लग्न अडतं, बढती मोहोरबंद पाकिटात पडून राहते, माणूस आतनं वाळून जातो. दर सहा महिन्यांनी "चौकशी पूर्ण करावी" असं पत्र टाकत राहा, ती पत्रंच पुढं तुमचा पुरावा होतात की उशीर माझ्यामुळं नाही.

शिक्षा झाली तर अपील. १९७९ च्या नियमात आदेश मिळाल्यापासनं ४५ दिवस. अपिलात सगळी रामकहाणी नको, प्रक्रियेतली चूक, पुराव्यातली चूक, आणि शिक्षा चुकीच्या मानानं जास्त आहे, या तीनच गोष्टी. अपील फेटाळलं तर राज्य सरकारी कर्मचाऱ्यानं मॅटमधी, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जायचं, मुदत एक वर्ष. अपिलावर सहा महिने काहीच निर्णय आला नाही तरी जाता येतं. कोल्हापूरवाल्यांना मॅटसाठी अजून मुंबईच, म्हणजे रात्री महालक्ष्मी एक्सप्रेस धरायची आणि सकाळी उतरायचं. झेडपीच्या लोकांना मॅट लागू नाही, त्यांचं अपील विभागीय आयुक्तांकडं आणि पुढं हायकोर्ट, आणि त्यांच्यासाठी मोठी गोष्ट झालीय की ऑगस्ट २०२५ पासनं सीपीआर हॉस्पिटलसमोरच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय. किती वर्षांचं आंदोलन होतं ते, वकिलांनी आणि गावोगावच्या लोकांनी किती सोसलं, आता झेडपीच्या शिक्षकाला रिट टाकायला मुंबईत लॉज शोधायला नको. अनुदानित खाजगी शाळेचे शिक्षक शाळा न्यायाधिकरणात, तिथं मात्र ३० दिवसच आहेत, सांभाळा. एसटीवाले कामगार कोर्ट नाहीतर औद्योगिक कोर्टात.

आता थोडं खुर्चीवर बसलेल्यांसाठी, कारण कारवाई करणारे पण माझ्याकडं येतात. तक्रार आली की लगेच निलंबनाचा आदेश काढू नका, आधी आठवड्याभरात प्राथमिक चौकशी करा, जबाब घ्या, मूळ कागद ताब्यात घेऊन झेरॉक्स साक्षांकित करून ठेवा. दोषारोप लिहिताना एका आरोपात एकच गोष्ट, तारीख, ठिकाण, कुठला नियम. नेमणूक करणारा अधिकारी कोण आहे बघा, त्याच्यापेक्षा खालच्या माणसाला काढून टाकायचा किंवा बडतर्फीचा अधिकारच नाही, ते घटनेच्या कलम ३११ मधी आहे, आणि या एका चुकीनं पैसे खाणारा माणूस मागच्या सगळ्या पगारासकट परत येऊन त्याच टेबलावर बसतो. ज्या शेतकऱ्याला, ज्या विधवेला त्यानं नाडलं ती रोज त्याच टेबलासमोर उभी राहते. रिटायर व्हायला आलेल्याची फाईल तर पहिली घ्या, रिटायर झाल्यावर चौकशी सुरू करायची तर १९८२ च्या पेन्शन नियमातल्या नियम २७ प्रमाणं शासनाची मंजुरी लागते आणि घटना चार वर्षांच्या आतली असावी लागते.

बाई कर्मचाऱ्याची लैंगिक छळाची तक्रार असेल तर साहेबांनी स्वतः मिटवामिटवी करायची नाही. २०१३ च्या कायद्याप्रमाणं ती अंतर्गत तक्रार समितीकडं जाते, घटनेपासनं तीन महिन्यांत तक्रार, कारण असेल तर समिती आणखी तीन महिने वाढवू शकते, आणि चौकशी ९० दिवसांत. तक्रार खुद्द ऑफिस प्रमुखाविरुद्ध असेल, किंवा जिथं दहापेक्षा कमी लोक असल्यानं समितीच नाही, तिथं जिल्ह्याची स्थानिक समिती आहे. समितीचा अहवाल हाच चौकशी अहवाल धरतात, परत त्या बाईला दुसऱ्या चौकशीत सगळं पहिल्यापासनं सांगायला लावायचं नाही. तिची बदली करून प्रश्न सुटला असं मानणारे साहेब मी बघितलेत, ते चुकीचंच आहे, बदली तिनं मागितली तरच.

शेवटचं, कामावर परत घेतलं की लोक पेढे वाटतात आणि मुख्य गोष्ट राहते. निलंबनाचा काळ कसा धरायचा, कर्तव्यकाळ की रजा की नुसता निलंबनकाळ, याचा वेगळा आदेश निघावा लागतो, तोवर त्या महिन्यांचा पगार, वेतनवाढ, सेवाज्येष्ठता सगळं लटकत राहतं. तो आदेश मागा. निघाला की आस्थापनाच्या क्लार्कसमोर बसून सर्व्हिस बुक उघडायला लावा, आदेश क्रमांक आणि तारखेसह नोंद झालेली स्वतःच्या डोळ्यांनी बघा, जुनी "निलंबित" ही नोंद असेल तिच्यासमोर नव्या आदेशाचा संदर्भ लागलाय का बघा, त्या पानाचा मोबाईलवर फोटो काढा, आणि मगच खुर्चीवरनं उठा.